'धोंडू बिन केरू पाटील' : एका ओळीतल्या चार शब्दांचं उत्तर

दिवाळे कोळीवाड्यातल्या एका दादांचा प्रश्न आहे, तो आधी थोडक्यात सांगते. सिडकोच्या साडेबारा टक्के योजनेच्या (नवी मुंबईसाठी जमीन गेलेल्यांना भूखंड मिळतो ती) फाईलसाठी त्यांनी जुन्या फेरफाराची नक्कल काढली, ती निघाली मोडीत, कोणाकडून तरी वाचून घेतली तर पणजोबांचं नाव 'धोंडू बिन केरू पाटील'. दुसऱ्या एका कागदावर माणूस तोच, जमीन तीच, पण नाव 'धोंडू केरू नाखवा'. झालं, घरात वाद. बिन आहे म्हणजे आपण आधी मुसलमान होतो का, पाटील खरं की नाखवा, आणि आपल्या लोकांनी पोरांची नावं दगड आणि कचरा अशी कशी काय ठेवली. त्यात घरात बाळ येणार आहे, वहिनींना 'आरव' पसंत आहे, दादांना कंपनी जर्मनीला पाठवतेय आणि तिथला कलीग पाटीलचा अर्थ विचारतोय. नेटवर प्रत्येक साईट वेगळं सांगते, तर 'नक्की अर्थ काय ते एकदाचं सांगा' असं त्यांचं म्हणणं.

मी ठाण्यात नौपाड्याला मोडी कागद वाचून द्यायचं आणि वंशावळी जुळवायचं काम करते, बरीच वर्षं झाली. माझ्याकडे येणारा जवळजवळ प्रत्येक माणूस 'अर्थ काय' असंच विचारतो आणि त्याला खरं तर तीन वेगळ्या गोष्टी हव्या असतात. तो शब्द मुळात कुठला, तो याच माणसाला का चिकटला, आणि कागदावर कधी पक्का झाला. नेटवाले फक्त पहिल्याचं उत्तर देतात, तेही बरेचदा ठोकून. दुसऱ्याचं आणि तिसऱ्याचं उत्तर डिक्शनरीत नसतंच, ते तुमच्या घरच्या कागदात असतं. तुमच्याकडे तर कागद आहे दादा, म्हणजे निम्मं काम झालंय, म्हणून त्या एका ओळीवरूनच जाऊ.

आधी 'बिन', कारण त्यानेच झोप उडालीय. घाबरू नका. बिन म्हणजे अमक्याचा मुलगा, शब्द अरबी आहे, पण आपल्याकडे बहमनी आणि आदिलशाहीपासून सरकारी कागदाची भाषाच फारसी वळणाची होती, त्यामुळे गावोगावचे कुलकर्णी हिंदू माणसाचं नाव लिहितानाही 'तुकोजी बिन मालोजी' असंच लिहायचे. कुठे 'वलद' दिसेल, त्याचाही अर्थ मुलगा. बाईचं नाव असेल तर 'सखू कोम धोंडू', म्हणजे धोंडूची बायको. ही लिहिणाऱ्याची पद्धत, त्याचा घरातल्या देवाशी काही संबंध नाही. नाहीतर फडणीस, चिटणीस, पोतनीस, पारसनीस या सगळ्यांनाच इराणी म्हणावं लागेल, त्यातला 'नीस' म्हणजे फारसी नवीस, लिहिणारा.

आणि खरं सांगायचं तर बिन नुसता गळून पडला, त्याचं काम आपण आजही करतोच की. स्वतःचं नाव, वडिलांचं नाव, आडनाव असं आपण लिहितो, त्यात मधल्या नावाआधी बिन मनातल्या मनात वाचायचा. रशियात हेच शेपूट लावून करतात, व्लादिमिर व्लादिमिरोविच पुतिन म्हणजे व्लादिमिरचा मुलगा व्लादिमिर. मलेशियात अजून सरळ बिन लिहितात, महाथिर बिन मोहमद. आइसलँडमध्ये तर बहुतेकांना आडनावच नाही, बापाच्या किंवा आईच्या नावाला मुलासाठी सोन आणि मुलीसाठी डोत्तिर लावलं की झालं, त्यामुळे सख्ख्या भावाबहिणीचं शेवटचं नाव वेगळं आणि टेलिफोन डिरेक्टरी पहिल्या नावावरून लावलेली. इथिओपियाचे अबिय अहमद, त्यातलं अहमद हे त्यांच्या वडिलांचं नाव.

नावावरून धर्म ओळखायला जाल तर आपल्या ठाणे-वसईच्या भागात तर हमखास फसाल. टेंभी नाक्याजवळ १८७९ चं सिनेगॉग, म्हणजे ज्यूंचं प्रार्थनास्थळ आहे, तिथे येणाऱ्या बेने इस्राएली, म्हणजे कोकणातल्या ज्यू लोकांची आडनावं बघा, पेणकर, रोहेकर, नवगावकर, किहीमवरून किहीमकर. कोकणी मुसलमानांत दळवी आहेत, देशमुख आहेत, पाटीलसुद्धा आहेत. वसईकडे गेलात तर फर्नांडिस आणि रॉड्रिग्ज, पोर्तुगीजमध्ये त्याचा अर्थ फर्नांडोचा मुलगा, रॉड्रिगोचा मुलगा. आता वसईच्या फर्नांडिसांच्या मूळ पुरुषाच्या बापाचं नाव फर्नांडो असायचं काहीच कारण नाही, १५३४ नंतर पोर्तुगिजांचा अंमल आला, बाप्तिस्मा झाला, त्याबरोबर आडनाव आलं. शब्दाचा अर्थ एक आणि घरात यायचं कारण भलतंच, वर म्हणाले ते हेच.

आता धोंडू आणि केरू. इथे मला जरा सविस्तर बोलायचंय, कारण लोक या नावांना लाजतात आणि वंशावळ टाईप करताना गुपचूप 'धनंजय' करून टाकतात. तसं अजिबात करू नका, एक तर फाईल अडकते आणि दुसरं म्हणजे त्या घराची गोष्टच पुसली जाते. ज्या घरात पाळणा हलायचा आणि पोरं जगायची नाहीत तिथे पुढच्या पोराला मुद्दाम असं नाव द्यायचे की नजर लागू नये, मृत्यूला वाटावं की हे काय घेऊन जायचं. जन्मलेलं मूल केराच्या ढिगावर ठेवायचं आणि दुसऱ्या कोणी उचलून आणायचं, तो केरू. मूठभर कोंड्याच्या बदल्यात 'विकत' घेतलं तो कोंडू, कोंडाजी. पदर पसरून मागितला तो भिकू, भिकाजी. दगडासारखा टिकावा तो दगडू किंवा धोंडू. १६७३ साली मूठभर माणसं घेऊन पन्हाळा घेणाऱ्या वीराचं नावही कोंडाजीच होतं, तेव्हा नाव असं म्हणून घर हलकं असं काही नाही. माझ्या कामात असं नाव दिसलं की मी आधी त्याच्या वरच्या ओळीत बघते, मोठ्या भावंडांच्या नोंदी आहेत का आणि त्या पुढे कुठे थांबल्यात. गाव नमुना १४, ज्याला लोक कोतवाल बुक म्हणतात, त्यात जन्म आणि मृत्यू दोन्ही असतात. एकाच बापाच्या नावावर लागोपाठ जन्म, मृत्यू, जन्म, मृत्यू, आणि मग एक केरू, आणि त्याच्यापुढे मृत्यूची नोंद नाही. असं पान वाचताना अजूनही दोन मिनिटं थांबते मी.

हे फक्त आपल्याकडचं अडाणीपण नाही बरं का. तुर्कस्तानात दुर्सुन नावाची माणसं आहेत, म्हणजे 'राहू दे', 'थांबू दे'. यशार म्हणजे जगणारा. सातिल्मिश म्हणजे सरळ 'विकलेला', आपल्या कोंडाजीचा चुलतभाऊच. युरोपातले ज्यू आजारी किंवा नाजूक मुलाला आल्टर म्हणायचे, म्हातारा, म्हणजे मृत्यूच्या दूताने पोर शोधायला यावं आणि इथे म्हातारा आहे म्हणून परत जावं. नायजेरियाच्या योरुबा लोकांत मालोमो, 'आता परत जाऊ नकोस'. या लोकांची एकमेकांशी गाठभेट नाही, पण पोर गमावलेल्या आईबापाचं डोकं सगळीकडे एकाच दिशेने चालतं.

याची एक वाईट बाजू पण आहे, ती लपवायची नाही. साताऱ्याकडे मुलीवर मुलगी झाली की 'नकुशी' ठेवायचे, नको असलेली. २०११ मध्ये तिथल्या जिल्हा प्रशासनाने कार्यक्रम घेऊन २८० च्या वर मुलींची नावं बदलून दिली. तुर्कीत मुलींचं 'येतेर' नाव आहे, अर्थ 'पुरे'. तेव्हा केरू आणि नकुशी एका माळेत ओवू नका, एक नाव पोर राहावं म्हणून ठेवलेलं आणि दुसरं नको होतं म्हणून.

धोंडूच्या बाबतीत मात्र एक 'पण' आहे. अधिक महिन्याला आपल्याकडे धोंड्याचा महिना म्हणतात आणि त्या महिन्यात जन्मलेल्या पोरालाही धोंडू म्हणायची रीत होती. म्हणजे तुमच्या पणजोबांचं नाव पोर टिकावं म्हणून ठेवलेलं की अधिक महिन्याचं हे शब्दावरून नाही सांगता येणार. जन्मतारीख मिळाली तर जुन्या पंचांगात बघता येईल. पण त्यांचे वडील केरू होते हे धरलं तर एका पिढीत तरी या घराने पोरं गमावलीत असं मी म्हणेन.

राहिलं पाटील आणि नाखवा. दादा, यातलं खरं कुठलं असा प्रश्नच नाही, कारण दोन्ही हुद्दे आहेत. पाटील हा गावचा मुख्य, जुन्या ताम्रपटांत पट्टकिल म्हणून येतो त्यावरून शब्द आला असं मानतात. वसूल गोळा करणं, तंटा मिटवणं, सरकारपुढे गावाचं तोंड होणं हे त्याचं काम. पाटीलकी वतन होतं, त्याच्या तक्षिमा, म्हणजे वाटण्या पडायच्या, विकत सुद्धा घेता यायची, आणि एका भावाकडे काम असलं तरी सगळे भाऊ पाटील लिहायचे. म्हणून निम्मं गाव पाटील दिसतं आणि दोन पाटलांचं एकमेकांशी नातं असेलच असं नाही. शिवाय कोळीवाड्यात जमातीचा पाटील वेगळा असायचा, तोही पाटीलच. तुमच्याकडे यातली कुठली पाटीलकी होती ते वतनाच्या कागदावरून कळेल, नुसत्या आडनावावरून नाही. मोठा मान होता त्याला, महादजी शिंद्यांनी दिल्लीच्या बादशहाला हाताशी धरलं तरी स्वतःला पाटील म्हणवून घेण्यातच त्यांना गोडी होती. पुढे १९६२ च्या कायद्याने मुलकी पाटलाचं वंशपरंपरागत पद गेलं, आडनाव तेवढं राहिलं.

नाखवा म्हणजे होडीचा मालक, तांडेल ती हाकणारा, हे तुम्हाला मी काय सांगणार. पण शब्द फार लांबून आलाय, फारसीत नाव म्हणजे होडी आणि खुदा म्हणजे धनी, त्याचा नाखुदा. मलय भाषेत जहाजाच्या कप्तानाला नखोदा म्हणतात, कोलकात्यात नाखोदा मशीद आहे. जिथे जिथे हे व्यापारी दर्यावरून गेले तिथे शब्द गेला आणि आपल्या खाडीत येऊन नाखवा झाला. म्हणजे तुमच्या पणजोबांना जमिनीच्या कागदावर तलाठ्याने पाटील म्हटलं आणि दुसऱ्या लिहिणाऱ्याने बंदरात हाक मारायचे तसं लिहिलं. माणूस एकच.

जर्मन कलीगला उत्तर एकदम सोपं आहे, त्याला सांगा आमचा पाटील म्हणजे तुमचा शुल्त्स. जर्मनीत शुल्त्स, शुल्त्झे ही भरपूर आढळणारी आडनावं गावच्या मुखियाच्या हुद्द्यावरून आलीत, वसूल आणि न्यायनिवाडा हेच काम. पोलंडमध्ये वुइचिक आहे, तेही गावप्रमुखाच्या शब्दावरून आलं असं बरेचजण मानतात. धंद्याची आडनावं तर जगभर जुळतात, आपल्याकडचा लोहार इंग्रजीत स्मिथ, जर्मनीत श्मिट, रशियात कुझनेत्सोव, हंगेरीत कोवाच, अरबांत हद्दाद, आणि इटलीत फेरारी. त्या लाल गाडीवर खरं तर लोहार लिहिलंय असं मी पोरांना सांगते तेव्हा फार हसतात.

मग तेव्हा आडनाव बदलायचं कसं काय इतक्या सहज? कारण आजच्यासारखं पक्कं आडनाव ही गरज सरकारची, वसुलीसाठी, सैन्यासाठी, शाळेच्या पटासाठी. जपानमध्ये सामान्य लोकांना आडनाव सक्तीचं झालं १८७५ मध्ये. तुर्कस्तानात १९३४ चा कायदा आला आणि त्याच वर्षी मुस्तफा केमाल यांना अतातुर्क मिळालं. आपल्याकडे तसा एक दिवस नाही, इंग्रजी अमलात शाळा, जमीनमोजणी आणि कोर्ट यांनी हळूहळू पक्कं केलं. त्याआधी माणसाचा धंदा किंवा हुद्दा बदलला की आडनाव बदलायचं. जोतीराव फुल्यांचं घराणं मूळचं गोऱ्हे, फुलांच्या धंद्यावरून फुले झाले. पेशव्यांचं आडनाव भट, पेशवा हा हुद्दा. आणि शेवटी 'कर' लागणाऱ्या आडनावांची तर गंमतच असते, पेणकर पेणमध्ये शोधू नका, पेणमध्ये सगळेच पेणचे, गाव सोडून दुसरीकडे गेल्यावरच लोक पेणकर म्हणायला लागतात. म्हणजे कर लागलेलं आडनाव हे घराणं त्या गावातून निघाल्याचा पुरावा समजायचं. अरबीत बुखारी, शिराझी यातला शेवटचा ई तेच काम करतो.

आता फाईलचं. इथे मात्र सगळं कागदावर अवलंबून आहे, माझ्या मतावर नाही. दोन्ही कागदांत गट किंवा सर्व्हे नंबर एकच असेल, बापाचं नाव केरू दोन्हीकडे असेल, तर 'पाटील उर्फ नाखवा' असं दाखवून माणूस एकच आहे हे प्रतिज्ञापत्राने मांडता येतं, पण नुसत्या प्रतिज्ञापत्रावर विसंबू नका, मधली कडी लागते. आजोबांचा शाळा सोडल्याचा दाखला बघा, वारसाचे फेरफार बघा, कोतवाल बुक बघा. घरातलं कोणी अस्थी घेऊन नाशिक-त्र्यंबकेश्वरला गेलं असेल तर तिथल्या तीर्थोपाध्यायांच्या वह्यांत गाव आणि घराण्यावरून नोंद सापडू शकते, त्यात दोन्ही आडनावं मिळाली तर सोन्याहून पिवळं, सरकार दरबारी ती किती चालेल ते अधिकाऱ्यावर आहे पण पुढचा कागद कुठे शोधायचा ते कळतं. मोडीची नक्कल दुसऱ्या जाणकाराकडूनही एकदा वाचून घ्या, मोडीत शब्द तोडत नाहीत, सलग लिहितात, आणि घाईच्या हातातला 'केरू' आणि 'बेरू' यात फरक करायला डोळा लागतो. आणि हो, नाखवा जुनं निघालं म्हणून आता गॅझेटला जाऊन सगळ्या घराचं आडनाव बदलू नका. हौस असेल तर होडीवर लिहा, आधार पॅन पासपोर्ट शांत राहू देत.

बाळाचं. 'आरव'चा अर्थ नेटवर 'शांत' असा देतात, कुठून काढला देव जाणे. संस्कृतात आरव म्हणजे आवाज, ओरडा. मराठीत तर विचारायलाच नको, पहाटे कोंबडा काय करतो? आरवतो. आता नाव वाईट आहे असं मी म्हणत नाही, कानाला गोड आहे, आणि पोरं शांत असतात कुठे. फक्त शांत म्हणून ठेवत असाल तर तसं नाही एवढंच. 'अनय' पण असंच, साईटवर काहीही छान छान लिहिलेलं असतं आणि संस्कृतात त्याचा अर्थ अनीती, वाईट वागणूक. नाव पसंत पडलं की संस्कृतासाठी आपट्यांचा कोश आणि मराठीसाठी मोल्सवर्थ बघा, दोन्ही नेटवर फुकट आहेत, पाच मिनिटांचं काम. जर्मनीत एक होईल, तिथे शब्दाच्या शेवटचा व फ होतो, गुस्टाव्हला ते गुस्टाफ म्हणतात, तसं आरवचं आराफ ऐकायची तयारी ठेवा. 'विहान'चं स्पेलिंग व्ही ने केलं तर बरेचजण फिहान वाचतील. जे सगळीकडे फार मोडतोड न होता चालतं असं हवं असेल तर नील, मीरा, माया अशी छोटी नावं बघा.

पासपोर्टचं एक मात्र आत्ताच ठरवा. आपल्याकडे दिलेल्या नावाच्या रकान्यात मुलाचं आणि बापाचं नाव एकत्र टाकतात, मग तिकडच्या लोकांना वाटतं बापाचं नाव हे पोराचंच दुसरं नाव आणि शाळेच्या पटावर भलतंच येतं. विश्वनाथन आनंद यांचं नाव आनंद, विश्वनाथन हे वडिलांचं, पण परदेशी पेपरवाले त्यांना विशी म्हणत राहिले. आडनावाचा रकाना रिकामा तर ठेवूच नका, यूएईने नोव्हेंबर २०२२ पासून एकच नाव असलेल्या पासपोर्टवर व्हिजिट व्हिसाने येणाऱ्यांना अडवायला सुरुवात केली, आणि आनंदसारखी नावं असलेल्या दक्षिणेकडच्या लोकांची त्यात फार पळापळ झाली.

आणि महाराष्ट्रात १ मे २०२४ किंवा त्यानंतर जन्मलेल्या बाळाच्या सरकारी कागदांवर आईचं नावही लागतं, क्रम असा की बाळाचं, मग आईचं, मग वडिलांचं, मग आडनाव. स्पेनमध्ये फार आधीपासून बापाचं आणि आईचं अशी दोन आडनावं लावतात, पिकासो हे त्या चित्रकाराच्या आईचं आडनाव, बापाचं रुईझ. तर तुमच्या बाळाच्या दाखल्यावर चार शब्द येतील, ते नवी मुंबई महापालिकेत जन्मनोंदणीचा फॉर्म भरतानाच स्पेलिंगसकट नीट तपासा, वहिनींच्या आधारवर जसं आहे अगदी तसंच. हॉस्पिटलमधून घाईत गेलेल्या फॉर्मवर बाळाच्या नावाची जागा रिकामी असली तरी चालते, नाव नंतर घालता येतं. तोवर फाईलच्या दोन्ही नकलांचे स्पष्ट फोटो काढून ठेवा, मोडीचा असेल तर पूर्ण पान, नुसती नावाची ओळ कापून पाठवू नका, वरखालच्या नोंदींशिवाय मला लिहिणाऱ्याचा हात कळत नाही.